माणसाचा तास

"पोटाशी धरायचं तर धर, पण तोंड उघडू नकोस," डॉक्टरबाई तिला म्हणाल्या होत्या. "आवाज ओळखीचा झाला की माणूस ओळखीचा होतो. आणि माणसाच्या ओळखीचं पिल्लू आपल्या काही कामाचं नाही."

तिने मान डोलावली आणि ते कानाआड केलं. एवढंसं ते पिल्लू, काजळाच्या बोटासारखं काळं, मुठीत घेतलं तर मूठ रिकामीच वाटावी. त्याला आवाज कळतोय कसला! शिवाय डॉक्टरबाईंना बजावायची सवयच होती. दार ओढ, हात धू, खोकू नकोस, शिंक आली तर बाहेर जाऊन शिंक. त्यांचं सगळं ऐकायचं म्हटलं असतं तर श्वास घ्यायलाही अंगणात जावं लागलं असतं.

एरवी ती काळजी करण्यात कुणाला हार जायची नाही. घरी सहा महिन्यांची मुलगी झोपली की नाकाखाली बोट धरून श्वास चालतोय का बघायची. दूध मनगटावर थेंब टाकून एकदा बघायची, मग पुन्हा एकदा. आई म्हणायची, "अगं, तुझ्या बघण्यानेच ती जागी होते." जगातल्या सगळ्या गोष्टींची तिला धास्ती होती. नेमकी याच एका गोष्टीची नव्हती.

ती पक्ष्यांच्या संगोपन केंद्रात कामाला होती; डॉक्टरबाई तिथल्याच, पक्ष्यांच्या डॉक्टर. कॉलेजात प्राणिशास्त्र शिकली, लग्न झालं, मूल झालं, आणि बाळंतपणाची रजा संपताच पुन्हा कामावर आली. मुलीला घेऊन आई शेजारच्या खोलीत बसायची आणि ही पिल्लांच्या खोलीत. मध्ये एक पातळ भिंत.

पिल्लं होती बेटकोंबडीची. पंख असून न उडणारा, शेंगदाण्याच्या सालीच्या रंगाचा हा पक्षी जगात एकाच बेटावर राहायचा. बेट कसलं, समुद्रात सांडून राहिलेला दगड! बोटीने जायचं तर दोन दिवस पोट ढवळून निघतं, आणि पोचल्यावर तासाभरात सगळं बघून होतं. झुडपं, खेकडे, कड्यांवर घरटी करणारे समुद्रपक्षी आणि मधोमध गोड्या पाण्याचा एक झरा.

त्या झऱ्यानेच घात केला. पाणी भरायला जहाजं थांबू लागली. खलाशी उतरले तर हे पक्षी पळण्याऐवजी त्यांच्याकडेच चालत आले. नवं काही दिसलं की जवळ जाऊन बघायचं, हा त्यांचा स्वभाव. कुणाला घाबरायचं असतं हेच त्यांना ठाऊक नव्हतं. घाबरावं असं त्या बेटावर कधी काही आलंच नव्हतं. खलाशांना लवकरच आणखी एक गंमत कळली. एक पक्षी पकडून पायाला धरून उलटा लोंबकळवला की तो किंचाळतो, आणि त्याचं किंचाळणं ऐकून बाकीचे पळून जात नाहीत, धावून येतात. मग काठी घेऊन एका जागी उभं राहिलं की झालं. पाय दमवायलाच नकोत.

पुढे पक्ष्यांच्या विष्ठेचं खत खणून नेणारे आले. त्यांच्या पोत्यांतून उंदीर उतरले. मग दीपगृह झालं. दीपगृहवाल्याच्या बायकोला करमेना, म्हणून तिने सोबतीला मांजर आणलं. मांजराला पिल्लं झाली. दिवा बंद पडला, माणसं गेली, मांजरं राहिली. शेवटी मांजर चढू शकणार नाही अशा एका सुळक्यावर मोजक्या बेटकोंबड्या उरल्या. त्यांना उतरवून केंद्रात आणलं, बेट मांजरांपासून आणि उंदरांपासून साफ केलं, आणि आता केंद्रात जन्मलेली पिल्लं परत नेऊन सोडायची होती.

पण सोडायची म्हणजे आधी शिकवायची. काय शिकवायचं? भीती.

केंद्रात त्याचे रीतसर तास होत. पिल्लांना भरवणारी बाई करड्या रंगाचा पायघोळ झगा घालायची, डोक्यावर टोपडं, हातात बेटकोंबडीच्या तोंडाची कापडी बाहुली. बाहुलीच्या चोचीतून अळ्या भरवायच्या. पिल्लाला माणूस दिसता कामा नये आणि ऐकू तर मुळीच येता कामा नये. मग ठरल्या दिवशी मांजराचा तास. चाकाच्या पाटावर पेंढा भरलेलं मांजर. त्याला सगळे हेडमास्तर म्हणत. हेडमास्तर दोरीने ओढत आत आणायचे, भोंग्यावर कर्कश आवाज लावायचा, पिल्लं बिळात पळाली की पास. आणि सगळ्यात शेवटी माणसाचा तास. तो केंद्राचा ड्रायव्हर घ्यायचा. रोजच्या कपड्यात, डबा बडवत, आरडाओरडा करत आत शिरायचा, एकेकाला जाळीत पकडून उलटं धरायचा आणि सोडून द्यायचा.

"घरी मला कुणी घाबरत नाही, ताई," तो तिला म्हणायचा. "बायको नाही, पोरं नाहीत. तेवढी हौस इथे भागते."

पक्ष्यांना नावं द्यायची नाहीत असा नियम होता. नावं ठेवायची ती फक्त केंद्राच्या साहेबांना. पक्षी ओळखायचे पायातल्या कड्याच्या रंगावरून. ते काजळाचं बोट जगेल असं कुणालाच वाटत नव्हतं. खाईना, अंग गार पडायचं. म्हणून हिने त्याला झग्याच्या आत छातीशी धरलं. आणि नेमकी त्याच वेळी भिंतीपलीकडून मुलगी रडायची. हिच्या तोंडून आपसूक निघायचं, "आले हं, आले." हळू, लांबवून, जसं कुठलीही आई म्हणते. म्हणायची आणि हातातल्याला एक अळी भरवून टाकायची. इकडचं आटपलं की तिकडे जाता येईल म्हणून.

पिल्लू जगलं. मादी निघाली. पायात पिवळं कडं आलं आणि ती पिवळी झाली. मांजराच्या तासाला पहिली पळाली, माणसाच्या तासाला तर ड्रायव्हरचा डबा वाजायच्या आधीच बिळात. ही कोपऱ्यात झगा घालून गप्प उभी होती आणि तिचा ऊर भरून आला होता. पिवळी पास. पिवळीला बायकी आवाज ऐकवून बघावा, हे डॉक्टरबाईंच्याही मनात आलं नाही. बेटावर कामाला जाणारे सगळे पुरुषच होते, मग तास पुरुषानेच घ्यायचा, अशी पद्धतच पडून गेली होती.

पक्षी सोडल्यावर दुसऱ्या वर्षी ती पहिल्यांदा बेटावर गेली. मुलीला, म्हणजे ठमीला, आईजवळ ठेवलं होतं. बरोबर डॉक्टरबाई होत्या, आणि साहेब. साहेबांचं वेगळं काम होतं. बेटावर नवीन धक्का बांधून झाला होता आणि त्याच्या उद्घाटनाला देणगीदार पाहुणे येणार होते. साहेब सगळीकडे पट्टी घेऊन फिरत होते. मांडव कुठे, खुर्च्या कुठे.

उतरायचं होतं दीपगृहवाल्याच्या जुन्या घरात. दोन खोल्या, पोपडे धरलेल्या भिंती, खिडकीच्या कट्ट्यावर मिठाचा थर. छताला पाळण्याची लोखंडी कडी अजून तशीच. तिने सामान लावलं आणि अंगणात येऊन सॅटेलाइट फोन लावला. घरात त्याला रेंज मिळत नव्हती.

"आई, कधी येनाल?" ठमीचा आवाज चिरका झाला होता.

"लवकर हं, राणी. रडतेस काय अशी? जेवलीस?"

"नाई. तू ये. आत्ता ये!" आणि पलीकडे भोकाड.

"आले हं, आले," ती म्हणाली. हळू, लांबवून.

झुडपात सळसळ झाली. पालापाचोळा उडवत एक पक्षी बाहेर आला, मान पुढे काढून, दोन्ही पंख अंगापासून सुटे धरून, थेट तिच्या दिशेने धावत. पायात पिवळं कडं. तिच्या बुटापाशी थांबून पिवळीने चोच वर केली आणि उघडली. अळी मागत होती.

तिच्या डोळ्यांत पाणीच आलं. क्षणभर, खरं सांगायचं तर, तिला फक्त आनंद झाला. मग झुडूप पुन्हा हललं आणि पिवळीच्या मागून दोन काळी पिल्लं बाहेर पडली. आईच्या पावलावर पाऊल टाकत तीही आली आणि तिच्या बुटाची लेस ओढू लागली. फोनमध्ये ठमी ओरडतच होती.

डॉक्टरबाई दारात उभ्या होत्या. त्या ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या नुसत्या पायरीवर बसल्या.

"पिवळी एकटी असती तर मी म्हटलं असतं, जाऊ दे, एक पक्षी वाया गेला," त्या म्हणाल्या. "पण ही दोघं आईचं बघून शिकतायत. यांची पोरं यांचं बघून शिकतील. आपण बेट साफ केलं म्हणतो, पण आता धक्का झालाय. बोटी येणार. बोटीबरोबर येणारा प्रत्येक जण काही हातात अळी घेऊन येणार नाही. एकाच्या बरोबर कुत्रं असलं तरी संपलं."

"मग आता?"

"आता काय! तास घ्यायचा. ड्रायव्हरला ती घाबरतेच. ती कुणाला घाबरत नाही, ते दिसलं ना आत्ता? मग तास कुणी घ्यायचा?"

तिने लेस ओढणाऱ्या पिल्लापासून बूट मागे घेतला.

"जमणार नसेल तर सांग. म्हणजे यांना पिंजऱ्यात घालून परत न्यायची तयारी करते. जन्मभर."

"जमेल," ती म्हणाली.

सकाळी ती झरा ओलांडून, घरापासून लांब, खत खणणाऱ्यांच्या ढकलगाड्यांच्या गंजक्या रुळांपाशी गेली. हातात जाळी, कमरेला डबा, खिशात खडी. डॉक्टरबाई झुडपाआड. तिने घसा खाकरला. शब्द निघेनात. ठमीला डोळ्यांसमोर आणलं तेव्हा निघाले.

"आले हं, आले."

पिवळी आली. धावत, पंख सुटे धरून. तिने जाळी टाकली, पाय धरले, उलटं केलं आणि डबा बडवला. पिवळी किंचाळली. असा आवाज तिने केंद्रात कधी ऐकला नव्हता. ड्रायव्हरच्या हातातली पिल्लं बारीक चिरकत, हे अख्ख्या पक्ष्याचं किंचाळणं होतं.

आणि पिल्लं धावून आली. पळून नाही गेली, धावून आली, अगदी तिच्या पायांत. ती तशीच उभी राहिली. एका हातात उलटा लोंबता पक्षी, पायाशी त्याची पिल्लं, मान वर करून बघणारी. याच बेटावर, मागच्या त्या झऱ्यापाशी, असंच कुणीतरी उभं राहिलं होतं. फरक काठीचा तेवढा.

"खडी मार!" डॉक्टरबाई ओरडल्या. "बघत काय बसलीस? पिल्लांना मार!"

तिने मारली. पहिली मूठ मुद्दाम बाजूला गेली. दुसरी गेली नाही. एका पिल्लाच्या पाठीवर खडा बसला तसं ते कोलमडलं, उठलं, आणि झुडपात गेलं. दुसरं त्याच्यामागे. मग तिने पिवळीला सोडलं आणि रुळावर बसून ढसाढसा रडली.

"रड," डॉक्टरबाई म्हणाल्या. "पण आवाज करू नकोस. तो आवाजही ओळखीचा होईल."

असे रोज तास झाले. पिल्लं शिकली. आधी अडखळली, मग झुडपाच्या तोंडाशी थांबू लागली, मग आईचं किंचाळणं ऐकून आत पळू लागली. पिवळी मात्र शिकली नाही. एक पाय धरून धरून सुजला, ती लंगडू लागली, आणि तरी हाक ऐकली की लंगडत यायची. चोच उघडायची. उलटं धरलं की किंचाळायची, सोडलं की दूर पळायची, आणि पुन्हा हाक मारली की पुन्हा यायची. जणू दुखवणारं दुसरंच कुणी होतं आणि ही तर आपलीच.

"पुरे," डॉक्टरबाई एके दिवशी म्हणाल्या. "हिचं काही होणार नाही. आणखी धरलंस तर पाय जाईल. पिल्लं वाचली, एवढंच."

त्याच सकाळी साहेबांनी बघितलं. पट्टी हातात तशीच, ते चढावरून धापा टाकत खाली आले.

"हे काय चाललंय? दगड मारताय? अहो, हाकेला धावत येणारा पक्षी! आणि तोही अशा दुर्मीळ जातीचा! पाहुण्यांना याच्यापेक्षा काय दाखवणार मी? खुर्च्या? बाई, तुम्ही डॉक्टर आहात की कसाई?"

"कसायाकडे आपणहून चालत जाणारा पक्षी तुम्हाला हवाय," डॉक्टरबाई म्हणाल्या, "मला नकोय."

"तुम्ही ना, सगळ्यात वाईटच बघता."

"बघावं लागतं. चांगलं बघायला तुम्ही आहात."

साहेब तिच्याकडे वळले. एकदम मऊ झाले. "ताई, तुमची हाक ऐकली मी परवा. काय गोड हाक मारता! उद्या पाहुण्यांसमोर एकदाच मारा. एकदाच. पुढच्या दहा वर्षांच्या अळ्यांची सोय होईल."

"माझा घसा बसलाय," ती म्हणाली.

"गरम पाणी प्या."

दुसऱ्या दिवशी बोट आली. मांडव, खुर्च्या, पंधरा-वीस माणसं, छत्र्या, गॉगल. भाषण झालं. तिला चहाचा ट्रे घेऊन फिरायला लावलं होतं. डॉक्टरबाईंना बोलावलंच नव्हतं; त्या घरात पिवळीच्या पायासाठी मलम ढवळत बसल्या होत्या.

"आता एक जादू," साहेब म्हणाले आणि तिच्याकडे बघून भुवया उडवल्या. तिने घशावर हात ठेवला आणि मान हलवली. साहेब क्षणभरच खट्टू झाले. मग त्यांनी स्वतःच आवाज बारीक केला, नाटकात बाईचं काम करणाऱ्या पुरुषासारखा, आणि लांबवून म्हणाले, "आले हं ऽ, आले ऽ!"

पाहुणे पोट धरून हसले. तीही सुटकेने हसणार होती. एवढ्या भसाड्या, खोट्या हाकेला कोण येणार?

पिवळी आली. लंगडत, मान पुढे काढून. ती आता कुणाच्याही तोंडच्या हाकेला येत होती. साहेबांच्या बुटापाशी थांबून तिने चोच उघडली. "अगं बाई, किती गोड!" कुणीतरी म्हणालं. बिस्किटं पुढे झाली, फोन पुढे झाले. एका बाईने तिला उचलून कडेवर घेतलं आणि पिवळी राहिली की कडेवर, शांत.

सगळे पिवळीकडे बघत होते. ती एकटी झुडपाकडे बघत होती. झुडपाच्या तोंडाशी दोन पिल्लं उभी होती. मागचं आत सरकलं. पुढचं तसंच थांबलं. आई तिकडे आहे, खातेय, कुणी मारत नाही, हे ते बघत होतं. त्याने एक पाऊल बाहेर टाकलं. मग दुसरं.

तिने हातातला ट्रे दगडावर आपटला. कप फुटले, चहा पाहुण्यांच्या पांढऱ्या कपड्यांवर उडाला. तिने ट्रे पुन्हा आपटला, पुन्हा, आणि ओरडत झुडपाकडे धावली, जसं ड्रायव्हरला पिल्लांच्या खोलीत धावताना बघितलं होतं. "हाट्! हाट्! पळ!" पिल्लू उलटं वळलं आणि दिसेनासं झालं. मांडवात एक लहान मूल रडायला लागलं. पिवळी मात्र कडेवरून हलली नाही.

त्यानंतर तिला फारसं कुणी काही बोललं नाही. साहेबांनी एवढंच सांगितलं, "घरी लहान मूल आहे, मनावर ताण येतो, समजू शकतो. आता तुम्ही घरीच बसा." पाहुण्यांपैकी कुणीतरी तिच्यावर क्रूरपणाची तक्रारही केली होती. डॉक्टरबाईंना केंद्रातल्या ऑफिसात टेबल दिलं, जिथून एकही पक्षी दिसत नाही. धक्क्यावर आता पाटी लागली आहे: हाक मारा, पिवळी येईल! खाली ती हाक छापली आहे, अक्षर न अक्षर, अवग्रहासकट. जाहिरातीत पिवळी कडेवर आहे. हंगामात बोटी भरून जातात.

आता ठमी रडली की ती उठते, जाते, उचलून घेते, पण तोंडाने काही म्हणत नाही. ठमीला बागेत नेलं की कुणाकडेही हसत जाते, अनोळखी माणसाचं बोट धरते. लोक म्हणतात, किती गोड मुलगी! ती हसते आणि चार पावलं मागे उभी राहून बघत असते.

कुणी त्या बेटावर निघालंय असं कळलं की ती ओळख काढून त्याला गाठते. माणूस आधी दचकतो, मग ऐकून घेतो. तुम्ही जाणार असाल तर तुम्हालाही तिचं हेच सांगणं आहे. "हाक मारायला मी नको म्हटलं तरी कुणीतरी मारेलच. पिवळी येईल. तिचा डावा पाय बघा, सूज उतरलीय का. बिस्किट देऊ नका. पण त्याआधी तिच्यामागच्या झुडपाकडे बघा. झुडूप हलत नसेल तर मला येऊन सांगा, मी तेवढ्यावर झोपेन. आणि तिच्यामागून पिल्लं येत असतील, तर हातात असेल ते आपटा. मोठ्याने. लोक काही का म्हणेनात."